चैतरामची हरकत

चैतराम केस जिंकला. आदेश निघाला, त्यावर गोल शिक्का बसला, तालुक्याच्या अधिकारी मॅडमनी हिरव्या शाईनं सही केली. चैतरामच्या जमिनीत विजेचा टॉवर उभा करता येणार नाही, असं त्यात साफ लिहिलं होतं. ते ऐकून चिचटोल्यातल्या जाणत्या माणसांनी मानाही डोलावल्या.

तर हे झालंच नाही असं समजा. जिंकलाबिंकला काही नाही. उन्हाळा अजून सरलेला नाही, विजेची लाईन अजून तिकडे कोहमाऱ्याच्या बाजूलाच आहे, आणि चैतराम सकाळच्या पारी पऱ्ह्याच्या बांधीत, धानाच्या लहानशा खाचरात, उकिडवा बसून एका खुंटीकडे बघतो आहे.

खुंटी नवी होती. डोक्याला लाल रंग. नवतपा, उन्हाळ्याचे सगळ्यात तापलेले नऊ दिवस, सुरू होता, बांधीला अशा भेगा पडल्या होत्या की पंजा आत जावा. असल्या जमिनीत इतकी सरळ खुंटी ठोकणारा माणूस मेहनतीचा असला पाहिजे, एवढंच चैतरामच्या मनात आलं. कोणाची शेळी सुटली असेल म्हणून त्यानं चारी बाजूंना बघितलं. शेळी नव्हती. चांगलं लाकूड वाया कशाला घालवायचं, म्हणून त्यानं खुंटी हलवून हलवून उपटली आणि घरी आणली. रुख्मानं तिला वासरू बांधलं.

दोन दिवसांनी मोटारसायकलवर हेमेंद्र आला. हेमेंद्र म्हणजे लाईन टाकणाऱ्या कंपनीच्या ठेकेदाराचा सुपरवायझर. राहायला गोंदियाचा, डोक्यावर पिवळं हेल्मेट, गळ्यात ओला दुपट्टा.

"चाचा, उधर खेत में हमारा एक मार्किंग था."

"कसा होता?"

"लकडी का. ऊपर लाल कलर."

चैतरामनं वासराकडे बोट केलं. "थे पाहा. कामावर हाय."

हेमेंद्रनं खुंटीचा फोटो काढला. वासरू मध्ये येत होतं, तरी काढला. मग शांतपणे समजावून सांगितलं की हायटेन्शन लाईन येते आहे, आणि तिच्या एका टॉवरचे चारही पाय बरोबर पऱ्ह्याच्या बांधीत पडतात.

रुख्मा हातातलं शेण टाकून उभी राहिली. "पऱ्ह्याच्या बांधीत? बाकी दुनिया कोठं गेली?"

"भाभी, लाईन सीधी जाती है. दुनिया देखके नहीं जाती."

"अना आमाले नोटीस?"

"दिया ना. मालिक को दिया. बिसराम," हेमेंद्रनं मोबाईलमध्ये बघितलं, "हाँ. गट नंबर एकशे बारा, बिसराम."

चैतराम मट्कन खाटेवर बसला.

गावात वावराला नाव असतं, नंबर नसतो. तळ्याच्या तोंडाशी आहे ती पऱ्ह्याची बांधी, नाल्याकडची ती जांभूळवाली. पऱ्ह्याची चैतराम वाहतो, जांभूळवाली बिसराम वाहतो, हे टोल्यातलं, त्या छोट्या वस्तीतलं, शेंबडं पोरही सांगेल. फक्त सरकारला ठाऊक नव्हतं. चैतरामच्या आज्यानं आणि बिसरामच्या आज्यानं फार पूर्वी एका मोहाखाली बसून या दोन बांध्यांची अदलाबदल केली. एकेक बिडी ओढली, उठले, झाली रजिस्ट्री. सातबाऱ्याला कोणी कळवलं नाही. त्यामुळे कागदावर पऱ्ह्याची बांधी अजून बिसरामची होती आणि जांभूळवाली चैतरामची. तीन पिढ्यांत याचा कोणाला त्रास झाला नाही, कारण तीन पिढ्यांत कागद घेऊन कोणी वावरात आलं नव्हतं.

पऱ्ह्याची बांधी म्हणावी तर लहान. पण तळ्याचा गाळ तिच्यात उतरलेला, आणि पाणी बाकी गावाला रुसलं तरी तिच्यात ओल राही. चैतरामच्या साऱ्या वावराचे पऱ्हे, म्हणजे धानाची रोपं, तिच्यात तयार होत. तिथून उपटून बाकीच्या बांध्यांत रोवायची. ती गेली तर बाकीच्या बांध्या म्हणजे माय मेलेल्या पोरी.

"बिसरामले जाऊन सांगा, हरकत घे म्हना," रुख्मा म्हणाली.

बिसरामशी चैतरामचं बोलणं बंद होतं. बिसरामच्या मुलीच्या, भूमिकाच्या, लग्नात ऐन चौकात डीजेचं जनरेटर बंद पडलं होतं. नाचणारे हात वर करून तसेच उभे, सगळीकडे चिडीचूप. तेवढ्यात मागून चैतराम म्हणाला, "वरात हाय का मयत?" एरवी हे चौघांनी ऐकलं असतं. त्या शांततेत नवरदेवानंही ऐकलं.

"मीच जातो हापिसात," चैतराम म्हणाला. "बांधी मी वाहतो. मले कोन नाही म्हनते?"

सगळे म्हणाले.

हरकतीचा अर्ज दिला, तारीख लागली. तालुक्याच्या ऑफिसात कूलर होता, पण त्यात पाणी नव्हतं. तो गरम हवा गोळा करून जोरात लोकांच्या तोंडावर फेकत होता. चैतराम ठेवणीतला टेरिकॉटचा शर्ट घालून गेला होता. पुकारा होईपर्यंत तो पाठीला असा चिकटला की उठताना बाकड्यानं सोडेना. आत सुनावणी घेणाऱ्या मॅडम. वयानं चैतरामच्या मुलीएवढ्या, डोळ्यांखाली काळं. बाजूला कंपनीचा वकील, आणि लिहायला बाबू.

"आपण कोण?"

"मी चैतराम जी."

"गट एकशे बाराशी आपला संबंध काय?"

"माहा बाप त्यातच मेला जी. नांगर धरून."

"मृत्यू कुठं झाला ते विचारलं नाही. मालकी कोणाची?"

"मालकी बिसरामची. वावर माहं."

मॅडमनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. चैतराम तसाच दिसला. त्यांनी त्याला नीट सांगू दिलं, हे खरं. चैतरामनं मोह सांगितला, बिडी सांगितली, आज्याचं नाव सांगितलं. बदल्यात दिलेल्या बांधीचा नंबर कोणी विचारला नाही, त्यालाही तो ठाऊक नव्हता. मग वकील उठला आणि म्हणाला, "थोडक्यात, हे दुसऱ्याच्या मालकीच्या जमिनीवर तीन पिढ्यांपासून अतिक्रमण करून आहेत." त्यानं एक फोटो पुढे केला. "आणि सर्वेक्षणाची खूण यांनी उपटली. ही बघा."

फोटोत वासरू होतं. खुंटी अर्धीच दिसत होती.

"खुंटी तुम्ही उपटली?"

"मले शेळीची वाटली जी."

बाबूनं लिहिलं. चैतराम सकाळी एसटीत बसला तेव्हा शेतकरी होता, ऑफिसातून उतरला तेव्हा अतिक्रमणधारक. पायरीवर बाबू मागून आला, तंबाखू मळत म्हणाला, "पुन्हा येऊ नका काका. जितक्यांदा याल तितक्यांदा कबूल करून जाल."

"मंग कराव तरी काय?"

"अदलाबदल नावावर करून घ्या. सरकारची सोय आहे तशी. तलाठ्याकडे जा."

चैतराम तलाठ्याकडे गेला. तलाठी भला माणूस होता. त्यानं पंखा लावला, खुर्ची दिली. "होते ना. दोघांच्या सह्या आणा, पंचनामा करू, फेरफार घेऊ. फक्त गटावर वाद चालू नको."

"वाद तं चालू हाय जी."

"मग वाद मिटला की या."

"फेरफार झाल्याबिगर वाद कसा मिटंन?"

तलाठ्यानं विचार केला. खरंच केला, कपाळाला आठ्या घालून. "पॉइंट आहे तुमचा," तो म्हणाला, आणि पंखा बंद केला.

मृगाचं पाणी आलं. चैतरामनं वखर घातला, ढेकळं फोडली, धुऱ्यातली, म्हणजे कडेच्या मातीच्या बांधातली, उंदरांची बिळं बुजवली. हेमेंद्रच्या माणसांनी तोवर चार नव्या खुंट्या ठोकल्या होत्या. या वेळी लोखंडी. चैतरामनं खुंट्यांच्या अवतीभवती पऱ्हे टाकले. टाकायचे नाही तर करायचं काय? धान काही तारखेची वाट बघत नाही. वाकून वाकून कमरेत खिळा ठोकल्यासारखी कळ उठली, आणि दर वेळी सरळ होताना लाल डोक्याची एक खुंटी समोर.

"मंदाले बोलली मी," रुख्मा एका दुपारी शिदोरी सोडत म्हणाली. मंदाबाई बिसरामची बायको.

"तुमचं बोलनं चालू हाय?"

"बंद कधी होतं? तुमा दोघाचं भांडन आमी कायले पाळू? आमाले कामं हायेत. बिसरामभाऊ हरकत घेतो म्हंतेत. पन तुमी माफी मागाची."

"कायची?"

"चार मानसांत सांगाचं, थे वरात होती म्हनून."

चैतराम पाणी प्यायला, त्यानं पऱ्ह्यांकडे बघितलं. बोटबोटभर हिरवं आलं होतं.

माफी पानठेल्यापाशी झाली. बिसरामनं चार माणसं सांगितली होती, पण माफी आहे म्हटल्यावर सारा टोला जमला. बिसराम आडदांड गडी, प्लास्टिकच्या खुर्चीत मावत नव्हता. खुर्चीचा एक पाय चिखलात रुतलेला, त्यामुळे तो कलून बसला होता. तरी चेहरा सरपंचाचा.

"बोल. काय होती?"

"वरात होती."

"कोनाची?"

"भूमिकाची."

"मयत होती का?"

"नाही." चैतराम इथं थांबला असता तर बरं. "मयतीत लोकं एवढे गप नाही राहत."

पानठेलेवाला खाली वाकला आणि बराच वेळ चुन्याची डबी शोधत राहिला. बिसरामचे कान लाल झाले. मागून मंदाबाई ओरडली, "झालं ना! म्हनला ना वरात होती! आता पोथी वाचता का?" मग बिसराम उठला. खुर्ची त्याच्यासोबत थोडी उठली, मग सुटली. "तारीख कधी हाय?" त्यानं भिंतीकडे बघत विचारलं.

तारखेला दोघं एकाच मोटारसायकलवर गेले. पावसाची झड होती. चैतराम मागे बसला होता आणि बिसरामच्या शर्टाला हात लागू नये म्हणून मागची दांडी धरून होता. सौंदडच्या फाटकावर मालगाडी लागली. डबे सरता सरेनात.

"पऱ्हे कसे हायेत?" बिसरामनं समोर बघत विचारलं.

"चांगले हायेत."

एवढंच. पण किती दिवसांनी.

ऑफिसात कूलर आता बंद होता आणि त्यात छतातून गळून पाणी साचलं होतं. मॅडमनी बिसरामला उभं केलं.

"आपण मालक. टॉवरला हरकत आहे?"

"हाय जी. पऱ्हे जाऊन रायले."

"कोणाचे पऱ्हे?"

बिसरामनं चैतरामकडे बघितलं. "याचे."

"मग आपलं नुकसान काय?"

"माहं काऊन होईन जी? मी तं वाहतच नाही."

वकील खुर्चीत मागे रेलला. त्याला बोलावंच लागलं नाही. जो मालक होता त्याचं नुकसान नव्हतं, ज्याचं नुकसान होतं तो मालक नव्हता, आणि दोघंही खरं बोलत होते. दोघांच्या मधे एवढी बांधी होती, पण ऑफिसातून ती कोणाचीच दिसत नव्हती.

मॅडमनी नकाशा ओढला. त्यांना हे मिटवायचं होतं, हे चैतरामला दिसत होतं. त्यांनी पेन्सिलीनं एक रेघ थोडी सरकवली. "टॉवर इकडे, गट एकशे सतरामध्ये घेतला तर?"

वकिलानं हेमेंद्रला आत बोलावलं. हेमेंद्रनं मान तिरकी करून नकाशा बघितला. "हो जाएगा मैडम. थोडा एंगल लगेगा."

"एकशे सतरा कोणाचा?"

बाबूनं पान उलटलं. "चैतराम."

मॅडम पहिल्यांदा हसल्या. "मग प्रश्नच नाही! चैतराम, तुमचीच जमीन आहे. तुमची हरकत नसेल तर टॉवर तिकडे हलवते. आत्ता आदेश करते."

एवढे दिवस कागद घेऊन दारोदार फिरल्यामुळे चैतरामला आता नंबर पाठ होते. एकशे सतरा म्हणजे जांभूळवाली. बिसराम वाहतो ती. त्या बांधीवर बिसरामनं यंदा मोटर बसवली होती, धुऱ्यावर तूर लावली होती. आणि बिसरामला यातलं काही कळलं नव्हतं. त्याच्या लेखी ती जांभूळवाली होती. तिला नंबर असतो हे त्याला ठाऊक नव्हतं, आणि सांगितलं असतं तरी पटलं नसतं.

बिसरामनं कोपरखळी मारली. "अबे हो म्हन ना! हलवतो म्हंते बाई!"

चैतरामनं त्याच्याकडे बघितलं. केसातून पाणी गळत होतं, चेहरा खुललेला.

"म्हन ना लेका! काय पाहून रायला?"

एक 'नाही हरकत' म्हणायचं होतं. पऱ्हे वाचत होते. कायद्यानं वाचत होते, शिक्क्यानं वाचत होते. आणि खरं कारण सांगायची सोय नव्हती. सांगितलं की बिसरामही अतिक्रमणधारक.

"हरकत हाय जी," चैतराम म्हणाला.

हेमेंद्रनं दुपट्ट्यानं तोंड पुसलं. मॅडमचं पेन तसंच राहिलं. "कशाची हरकत? तुम्हीच तर टॉवर हलवा म्हणून आलात!"

"एकशे सतरात नोको."

"कारण?"

"माही जमीन हाय," चैतराम म्हणाला. इतक्या तारखांत त्यानं कागदाला धरून केलेलं हे पहिलं विधान.

मॅडमनी नकाशा गुंडाळला. मग भराभर सांगत गेल्या आणि बाबू लिहीत गेला. गट एकशे सतराबाबत मालक चैतराम यांची हरकत मंजूर. गट एकशे बाराबाबत कोणाचेही नुकसान सिद्ध होत नसल्याने टॉवर नियोजित जागी. पुढचा कोण?

बाहेर पडल्या पडल्या बिसरामनं त्याला खांद्याला धरून भिंतीला लावलं. "हलत होता ना बे! हलत होता टावर! तूनं कायले नाही म्हनलं? मी शर्ट भिजवून, तुह्यासाठी..."

"बिसराम, एकशे सतरा म्हंजे..."

"चुलीत गेला तुहा एकशे सतरा! तुले दुसऱ्याचं बरं तं पाहवतच नाही, सोताचंही पाहवत नाही!" त्यानं किक मारली आणि चैतरामला तिथंच सोडून गेला. चैतराम एसटीनं आला. टोल्यात पोचला तेव्हा बातमी पुढे पोचली होती. चैतराम जिंकला, पण डोक्यावर परिणाम झाला.

रुख्मानं सगळं ऐकून घेतलं. चुलीत फुंकर मारली, धूर डोळ्यांत गेला, डोळे पुसले. "दुसरं काय म्हनता आलं असतं तुमाले," ती म्हणाली, आणि थोड्या वेळानं, "एखांद्या वेळेस तरी म्हनता आलं असतं." ती कोणत्या बाजूनं बोलत होती ते चैतरामनं विचारलं नाही.

खड्डा खोदायचं मशीन आलं ते धुरा फोडून आलं. सोबत एक शिपाई होता, तो सावलीत उभा राहून मोबाईल बघत होता. पऱ्हे वीतभर झाले होते. अजून थोडे दिवस मिळाले असते तर रोवण्याजोगे झाले असते. मशीनचा पंजा पहिल्यांदा खाली गेला तेव्हा हिरवं गालिच्यासारखं गुंडाळत वर आलं, आणि गाळाचा तो वास सुटला. रुख्मा मशीनच्या पुढेपुढे वाकून मुठी मुठीनं पऱ्हे उपटत होती आणि टोपलीत टाकत होती.

"भाभी, हटो ना! लग जाएगा!" हेमेंद्र ओरडत होता. ती ऐकेना, तसा तोच चिखलात उतरला, तिच्या बाजूला वाकला आणि दोन मुठी उपटून त्यानं टोपलीत टाकल्या. चुकीच्या उपटल्या, मुळं तुटली. रुख्मानं त्या बाहेर काढून फेकल्या.

चैतराम धुऱ्यावर उभा होता. अतिक्रमणधारकाला आत जायची मनाई होती.

दुपारी बिसराम आला. मंदाबाईनं रुख्माकडून ऐकून त्याला नंबरांचं सगळं सांगितलं होतं. पहिल्यांदा त्यानं तिलाच वेड्यात काढलं, मग सातबारा आणून कोणाकडून तरी वाचून घेतला. तो चैतरामच्या बाजूला येऊन उभा राहिला. दोघं खड्ड्याकडे बघत राहिले. खड्ड्यात पाणी भरत होतं.

"मोबदला माह्या नावानं निघंन," बिसराम म्हणाला. "आला की तुह्या वट्ट्यावर आनून टाकीन."

"हूं."

"जांभूळवालीच्या वरच्या कोन्यात पऱ्हे टाक. मी नांगरून देतो."

"उशीर झाला आता."

"झाला तं झाला." बिसरामनं नाक ओढलं. "सांगाचं होतं ना बे तवाच."

"तू किक मारून रायला होता."

बिसरामनं कोपरा नांगरून दिला. चैतरामनं नव्यानं बी फेकलं. कागदावर बघितलं तर तो पहिल्यांदाच स्वतःच्या जमिनीत पऱ्हे टाकत होता, आणि जमीन ओळख देत नव्हती. नाल्याकडची माती चोपण, वरचं पाणी पडलं की थापून बसे. गावाचा रोवणा सुरू झाला, बाया गाणी म्हणत रांगेनं मागे मागे सरकू लागल्या, आणि चैतरामच्या बांध्या चिखल करून, पाणी भरून, आभाळ दाखवत रिकाम्या पडल्या. त्याचे पऱ्हे अजून सुईएवढे होते, आणि टॉवरला तारा धरायचे वरचे हात लागले होते.

तेव्हा तो पुन्हा तालुक्याला गेला. ऑफिसबाहेर टाईपरायटर घेऊन बसतो त्या अर्ज लिहिणाऱ्यापुढे बसला आणि सांगू लागला. अर्ज लिहिणारा दोनदा थांबला. "हे असंच लिहू?" त्यानं विचारलं. "असंच लिवा," चैतराम म्हणाला. अर्ज आवक नोंदीत गेला, शिक्का बसला. तो असा:

विषय: कागद दुरुस्त होत नसल्याने शेत दुरुस्त करून मिळणेबाबत.

महोदया, उपरोक्त विषयी विनंतीपूर्वक अर्ज सादर करतो की, आपल्या आदेशाने माझी हरकत मंजूर झाली, त्याबद्दल मी आभारी आहे. तथापि कागदावर मी गट क्र. ११७ मध्ये असून प्रत्यक्षात गट क्र. ११२ मध्ये आहे. कागद बदलण्यास अडचण असल्याचे संबंधितांकडून समजले. त्या अडचणीचा मला आदर आहे. सबब, गट क्र. ११२ मधील माती, गाळ व ओल धुऱ्यासह उचलून गट क्र. ११७ मध्ये आणून ठेवण्यात यावी, व तेथील माती श्री. बिसराम यांचे तुरीस धक्का न लावता तिकडे नेण्यात यावी. त्यास श्री. बिसराम यांची हरकत नाही, त्यांचा अंगठा सोबत आहे. टॉवर आहे तेथेच राहू द्यावा, त्याबद्दल माझी तक्रार नाही. तळ्याचे तोंडही शक्य झाल्यास थोडे सरकवावे. सदर काम सरकारी सवडीने केले तरी चालेल, मात्र रोवणा उरकण्यापूर्वी व्हावे, ही नम्र विनंती.